नलूच्या दोन थापा

थापा मारणं हा आमचा पिढीजात धंदा. आजोबांनी म्हणे देवगडच्या खाडीत एक मगर शेपटीला धरून गरागरा फिरवली होती आणि ती अजून कुठेतरी चक्कर येऊन पडलेली आहे. वडिलांनी ती मगर दुप्पट लांब केली. मी तिला पिल्लं दिली. अशा घरातल्या माणसाच्या शब्दावर कुणी विश्वास ठेवू नये, हे मीच आधी सांगून टाकतो. नलू परबने मात्र मला उभ्या आयुष्यात दोनच थापा मारल्या. आणि एवढा अट्टल थापाड्या असून दोन्ही वेळा मला शंका म्हणून आली नाही.

नलू आमच्या दूध केंद्राची प्रमुख होती. वय वर्षं सतरा.

आता दूध पिशवीतून येतं, म्हणून सांगायला हवं. तेव्हा सरकारी दूध काचेच्या बाटल्यांतून यायचं, आणि ते वाटायची केंद्रं शिकणाऱ्या पोरापोरींच्या हातात असायची. पहाटे दोन तास, दुपारी दोन तास, मधे कॉलेज. अट एकच, की दरवर्षी जुलैत कॉलेजातून ‘हा आमचा विद्यार्थी आहे’ असा दाखला आणून द्यायचा. दाखला नाही, तर केंद्र नाही.

आमचं केंद्र मालाडला, दिंडोशीच्या चढावर होतं. केंद्र म्हणजे एक निळी लाकडी पेटी. इतकी लहान, की एकाने श्वास आत घेतला की दुसऱ्याने तो सोडायचा, असा आमच्यात करार होता. रांगेचं शेवटचं टोक मी कधीच पाहिलं नाही. जाणकार सांगतात, ते बोरिवलीच्या जंगलात होतं आणि तिथे बिबटे दुधाचं कार्ड घेऊन उभे असत.

गिरण्यांचा संप लागला ते हे साल. आमची वस्ती निम्मी गिरणी कामगारांची, सगळे कोकणातले. बाप घरी बसले आणि पोरं बाहेर पडली. आमच्यातला बंड्या दारोदार कपडे धुण्याची पावडर विकायला लागला आणि विकण्याआधी दाखवायला म्हणून अख्ख्या मालाडच्या चादरी धुऊन बसला. सुरेखा अगरबत्तीच्या पुड्या भरायची. तिच्या केसांना इतका वास, की ती समोरून आली की म्हातारी माणसं हात जोडत. एकजण फोटो स्टुडिओत नवरानवरीच्या मागे दिवा धरून उभा राहायचा. शाळेत असताना ‘मोठेपणी कोण होणार’ यावर आम्ही सगळ्यांनी निबंध लिहिले होते. मोठेपण असं मंगळवारी सकाळी येऊन दार ठोठावेल, हे कुणीच लिहिलं नव्हतं.

मला केंद्रावर मदतनीस म्हणून घेतलं. पहिल्याच दिवशी मी नलूला सांगितलं, की मी एका दमात चाळीस क्रेट उतरवतो आणि मागच्या केंद्रावर लोक मला बघायला येत. मागचं केंद्र नव्हतंच. तिने सगळं शांतपणे ऐकलं आणि म्हणाली,

“बरं. मग?”

हे तिचे दोन शब्द. माझ्या आजोबांची मगरही त्या दोन शब्दांपुढे टिकली नसती. चिडणं नाही, हसणं नाही, ‘खोटं बोलतोस’ म्हणणंही नाही. ‘बरं’ म्हणजे ऐकलं. ‘मग’ म्हणजे आता क्रेट उचल.

दोन वेण्या वर दुमडून लाल रिबिनींत बांधलेल्या, अंगात वडिलांचा गिरणीतला खाकी सदरा, बाह्या चार घड्या घालून वर. थंड बाटल्या हाताळून बोटांची टोकं कायम पांढरी आणि सुरकुतलेली. चेहरा सतरा वर्षांचा, पण हात आजीबाईचे. रिकाम्या बाटल्या परत घेताना दोन बाटल्या ती एकमेकींवर हलकेच वाजवायची, टिंग करून. नुसत्या आवाजावरून तिला तडा कळायचा. मी कान बाटलीला लावून, डोळे मिटून, देवाचं नाव घेऊन पाहिलं. मला सगळ्या बाटल्यांचं टिंग सारखंच ऐकू यायचं.

आणि दगड. आमच्या रांगेत पहाटे माणसं नसायचीच, दगड असायचे. आदल्या संध्याकाळीच प्रत्येकजण आपली खूण रांगेत ठेवून जायचा. कुणाची वीट, कुणाचा फुटका तवा, कुणाची एका पायाची चप्पल. दुधाची गाडी यायच्या सुमाराला माणसं डोळे चोळत येऊन आपापल्या खुणेशी उभी राहायची. नलूला त्या दीड-दोनशे वस्तू आणि त्यांचे धनी तोंडपाठ. परबांचा स्वतःचा दगड म्हणजे वरवंट्याचा अर्धा तुकडा. गावाहून येताना वरवंटा फुटला, अर्धा वाटायला राहिला, अर्धा रांगेला आला. आपण प्रमुख असूनही नलू घरचं दूध घ्यायला धाकट्या भावाला रांगेतच उभं करायची.

एकदा गोगटे अण्णा नावाचे एक गृहस्थ वस्तीत नवीन राहायला आले. रेल्वेतून निवृत्त, काखेत छत्री, आणि उभ्या जगाची गाडी उशिरा धावतेय असा चेहरा. पहिल्याच पहाटे त्यांनी छत्रीच्या टोकाने पुढचे चार दगड बाजूला सारले आणि खिडकीशी पहिले उभे राहिले. नलू दार उघडून बाहेर आली. तिने चारही दगड पुन्हा जागच्या जागी लावले.

“अण्णा, तिथे माणूस आहे.”

अण्णांनी चष्मा पुसून खाली पाहिलं. म्हणाले, मला तर दगड दिसतोय.

“दगड आहे म्हणजे माणूस आहे. त्याच्या मागे उभे राहा.”

अण्णा मागे गेले. पण ते जळफळत गेले, त्यांच्या छत्रीतून धूर निघाल्याचं मी या डोळ्यांनी पाहिलंय.

त्या चार खुणांतली एक म्हणजे तळहाताएवढा शिंपला होता. तो हिरामावशीचा. मावशी मढच्या कोळीवाड्यातली. लेकीच्या बाळंतपणाला आली ती नातवापायी इथेच राहिली आणि बाजारात मासळी घेऊन बसू लागली. ती नलूला सारखी सांगायची, की तू मास्तरीण हो, तुझा आवाज बंदरापर्यंत जातो. नलूला व्हायचंही तेच होतं. बारावी सायन्सला होती. बी.एस्सी. करायचं आणि शाळेत गणित शिकवायचं, एवढं एकच तिने ठरवलेलं होतं आणि ते सांगताना ती नेमकी कुठली शाळा हेही सांगायची. त्या शाळेच्या फाटकाजवळ बकुळीचं झाड होतं.

सराव ती माझ्यावर करायची. मी बारावी कॉमर्सला, आणि आकड्यांची आणि माझी जन्मापासून भाऊबंदकी. गाडी येईपर्यंत ती दाराच्या आतल्या बाजूला खडूने गणित मांडायची आणि सोडवेपर्यंत मला बाहेर पडू द्यायची नाही. एका क्रेटमध्ये वीस बाटल्या, त्यातल्या अमुक निळ्या झाकणाच्या, तमुक लाल. मी उत्तर सांगायचो तेव्हा बहुतेक वेळा बाटल्या क्रेटपेक्षा जास्त निघायच्या. तेव्हाही ती “बरं. मग?” म्हणायची, आणि मी फडक्याने पुसून पुन्हा सुरुवात करायचो. झाकणांचे चकचकीत पत्रे ती नखाने सपाट करून पुस्तकात खुणेला ठेवायची. तिचं गणिताचं पुस्तक उघडलं की आत दिवाळी असायची.

मग माझ्या जिभेने घात केला.

त्या सकाळी दूध थोडं पातळ आलं होतं. एका बाईंनी विचारलं, आज असं का रे? आणि मी, संपाचे दिवस म्हणून, गंभीर चेहऱ्याने सांगितलं, की म्हशीपण संपावर गेल्यात, आज राजस्थानातून उंटिणीचं दूध मागवलंय. रांग हसली. मला चेव आला. मी उंटिणींना मालाड स्टेशनवर उतरवलं, त्यांना चढावरून चालत आणलं, एक दमली म्हणून तिला रिक्षात बसवलं. रांगेत गोगटे अण्णा उभे होते. ते हसले नाहीत. त्यांनी दोन पानी लेखी तक्रार केली, की सदर केंद्रावर उंटिणीचं दूध विकलं जातं.

चार दिवसांनी दूध खात्याचे तपासनीस आले. हे कोण बोललं, असं त्यांनी विचारलं. मी तोंड उघडण्याआधी नलू म्हणाली, मी बोलले, गंमत केली, चुकलं. तिच्यासारखी मुलगी गंमत करेल यावर तपासनिसांचा विश्वास बसला, इतके ते नवीन होते. त्यांनी वहीत शेरा मारला आणि बजावून गेले, की या केंद्राबद्दल आणखी एक लेखी तक्रार आली, तर प्रमुख बदलणार. नलूचं केंद्र गेलं असतं तर परबांच्या घरात चूल कशावर पेटली असती, हे मला ठाऊक होतं. वडील संपात, आई आजारी, भाऊ चौथीत.

ते गेल्यावर मी मान खाली घालून क्रेट रचायला लागलो. तीच म्हणाली, “थाप मारायची ना, तर ज्याला मारतो त्याचं भलं होईल अशी मारावी. उगाच काय उंटिणी.”

मला वाटलं, ती रागावलीय. खरं म्हणजे ती मला धडा सांगत होती, आणि पुढे तिने तो स्वतः करून दाखवला.

मार्च उजाडला. परीक्षा आल्या. नलूने दाराच्या आत खडूने माझं वेळापत्रक लिहून ठेवलं. कुठला पेपर, कुठल्या दिवशी, किती वाजता, पार्ल्याच्या परीक्षा केंद्रावर जायला किती वाजता निघायचं, सगळं तिच्या गोल अक्षरात. तिचं स्वतःचं वेळापत्रक तिथे नव्हतं. हे मला खटकायला हवं होतं. माझं लक्ष माझ्यावरच असायचं.

ज्या दिवशी माझा हिशेबशास्त्राचा पेपर होता, त्या दिवशी गाडी आलीच नाही. सहा वाजले, सात वाजले, आठ वाजले. डेअरीत काहीतरी बिघडलंय एवढाच निरोप आला. रांग चढावरून खाली वाहत गेली. केंद्र बंद करता येईना. गाडी येऊन परत गेली तर दीडशे घरांत दूध नाही आणि दुसरी तक्रार ठरलेली. दुसऱ्या कुणाला बसवावं तर गाडीवाला नाव नोंदलेल्या माणसाशिवाय क्रेट उतरवत नाही. नाव दोघांचंच, तिचं आणि माझं.

साडेआठला ती म्हणाली, “तू नीघ.”

“आणि तुझा पेपर? आज तुझाही आहे ना?”

“माझा दुपारी आहे. तीनला. तू तोपर्यंत येशील, दुपारचं दूध तू वाट.” असं म्हणून तिने मला खडूचा हात पाठीवर मारून बाहेर ढकललं. “निम्म्या गणिताला तुझ्या बाटल्या क्रेटबाहेर जातात, तेवढं बघ.”

ही पहिली थाप.

मी पार्ल्याला गेलो. पेपर असा लिहिला, की... नाही, बरा लिहिला. तिने दारावर जी गणितं मांडली होती त्यांतली दोन जशीच्या तशी आली होती. दोनला सुटलो आणि धावत सुटलो, तिला उशीर नको म्हणून. तीनला दहा मिनिटं असताना चढ चढून वर आलो. मनात म्हणत होतो, ही बाई गेली असणार पेपरला, मला कुलूप उघडावं लागणार.

केंद्र उघडं होतं. नलू आत बसून रिकाम्या बाटल्या क्रेटमध्ये लावत होती.

खरं काय झालं ते मला नंतर हिरामावशीने सांगितलं. नलूचा पेपरही अकरालाच होता, मालाडमध्येच, पश्चिमेच्या एका शाळेत. तिने मनाशी गणित केलं होतं. गाडी नऊपर्यंत येईल, दहाला वाटप संपेल, धावत गेलं की वीस मिनिटं. आयुष्यात तिचं चुकलेलं हे एकच गणित. साडेनऊला तिचे वडील केंद्रावर येऊन गेले. ते मला मागाहून म्हणाले, “तिका मी सांगलंय, बंद कर आणि जा. तर माका म्हणता, बाबा, गिरण बंद, आता केंद्रय बंद करू काय?” गाडी दहा वाजून गेल्यावर आली. नलूने एकही कार्ड परत पाठवलं नाही. फक्त दर माणसाला बाटली देताना ती विचारत होती, किती वाजले? लोकांना वाटलं, हिला कंटाळा आला. गोगटे अण्णांनी तर घड्याळ दाखवून सुनावलं, की आता वेळ विचारतेस, गाडीला विचार. कुणालाच माहीत नव्हतं. ती शाळेच्या फाटकाशी पोचली तेव्हा पावणेबारा झाले होते. अर्ध्या तासानंतर आत घेत नाहीत. तिने वरचा खाकी सदरा काढून पिशवीत ठेवला, वेण्या नीट केल्या आणि पुन्हा एकदा विचारलं. नाही म्हणाले. फाटकाजवळ बकुळीचं झाड होतं. ती त्याच शाळेत शिकवणार होती.

हे सगळं मला तीनला दहा मिनिटं असताना माहीत नव्हतं. पण ती समोर बसली होती, तेवढ्यावरून कळलं. मी खिडकीशी उभा राहिलो. तिने वर पाहिलं.

“कसा गेला पेपर?”

एरवी मी सांगितलं असतं, की परीक्षकाने उठून माझ्याशी हस्तांदोलन केलं. मी म्हणालो, “बरा गेला.”

“बरं,” ती म्हणाली. “मग?”

मी आत गेलो आणि क्रेट उचलायला लागलो.

जूनमध्ये निकाल लागला. मी पास. ती बाकी सगळ्या विषयांत वर, एका विषयात गैरहजर, म्हणजे नापास. ऑक्टोबरला पुन्हा बसता येत होतं, पण जुलैचा दाखला ऑक्टोबरपर्यंत थांबत नाही. मी माझा दाखला दूध खात्याच्या कचेरीत नेऊन दिला. तिथल्या साहेबांनी माझ्यासमोर यादीतून तिचं नाव खोडलं आणि वर माझं लिहिलं. मी त्यांना सांगितलं, की साहेब, त्या दिवशी ती केंद्रावर होती, तुमचंच दूध वाटत होती, आणि उंटिणीचं बोललो तो मी. साहेब हसले. आमच्या घराण्याची कीर्ती बहुधा तिथवर गेली होती. मी खरं बोललो, तेव्हा ऐकणाऱ्याला ते पटलं नाही. दोष त्यांचा नाही.

किल्ली देताना नलूने मला सगळं पुन्हा एकदा दाखवलं, जणू मी कालच आलो होतो. कुठली फळी सैल आहे, कुठला क्रेट हात कापतो. खाकी सदराही खुंटीला ठेवून गेली. पहाटे गार लागतं म्हणाली. ती मग बॉलपेनच्या रिफिली भरायला अंधेरीला जाऊ लागली. तिच्या बोटांची टोकं निळी झाली.

आणि पहाटे ती रांगेत यायला लागली. भावाऐवजी स्वतः. वरवंट्याच्या तुकड्यामागे, दोन रिकाम्या बाटल्या घेऊन, चौथी किंवा पाचवी. एकदा मी तिला खुणेने पुढे बोलावलं. ती हलली नाही. तिचा नंबर आला तेव्हा हळूच म्हणाली, पुन्हा असं करू नकोस, लोक बघतात. मी तिला रोज एक थाप सांगायचो. गोगटे अण्णांच्या छत्रीला पालवी फुटली, हिरामावशीच्या शिंपल्यात काल मोती सापडला. ती “बरं. मग?” म्हणून बाटल्या पुढे करायची. एक फरक मात्र होता. पूर्वी मी खोटं बोललो तर तिच्या डोळ्यांत थोडंसं काहीतरी चमकायचं. आता ती खरंच विचारत असल्यासारखी विचारायची.

गणपती जवळ आले. कोकणातली माणसं गणपतीला गावी जाणारच, त्यात नवल नाही. निम्मी वस्ती रिकामी होते आणि विसर्जनानंतर परत भरते. एका सकाळी नलू आपल्या बाटल्या घेऊन झाल्यावर बाजूला थांबली. रांग संपली तशी खिडकीशी आली. वरवंट्याचा तुकडा तिने फळीवर ठेवला.

“आज रात्रीच्या गाडीने गावी जातोय. सात दिवसांनी येऊ. आठव्या दिवशी पहाटे माझा दगड तूच लाव. मला उशीर होईल थोडा.”

“चौथा लावू का पाचवा?”

“असेल तिथे लाव.” मग म्हणाली, “ऑक्टोबरला बसणार आहे मी. गावाहून आले की दारावर माझं वेळापत्रक लिही. तुझ्या अक्षरात चालेल.”

ही दुसरी.

तिने दोन्ही बाटल्या सवयीने एकमेकींवर वाजवल्या, भरलेल्या असूनही. भरलेल्या बाटल्यांचा आवाज बसका येतो. मग ती चढ उतरून गेली. लाल रिबिनी, एका हातात एक अशा दोन बाटल्या, आणि चाल नेहमीसारखी, मागे न बघणारी. वळणावर केळीवाल्याची हातगाडी आडवी होती. तिला वळसा घालून ती दिसेनाशी झाली.

आठव्या दिवशी मी दगड लावला. चौथा. गाडी आली, दगडांच्या जागी माणसं उभी राहिली, वरवंट्याच्या जागी कुणी नव्हतं. रांग त्याला वळसा घालून पुढे सरकली. मला वाटलं, कोकणातून एस.टी. उशिरा येते. दुसऱ्या दिवशी पुन्हा लावला. तिसऱ्या दिवशी कचेरीतून रद्द झालेल्या कार्डांची यादी आली, त्यात परबांचं कार्ड होतं. स्वतःच्या अर्जावरून रद्द. अर्जाची तारीख ती मला भेटली त्याच्या दोन दिवस आधीची. खोली सोडून, सामान आवरून, कार्ड रद्द करायचा अर्ज देऊन ती माझ्याकडे दगड द्यायला आली होती. संप काही मिटत नव्हता. वडिलांनी गावची वाट कायमची धरली होती. तिला माझं भलं करायचं होतं बहुतेक, निरोप घ्यायला लावायचं नव्हतं. पुढे मी गावच्या पत्त्यावर दोन पत्रं टाकली. दुसरं परत आलं.

चौथ्या दिवशी मी दगड लावला नसता. पण पहाटे आलो तेव्हा तो हातात होता आणि तो कुठे ठेवायचा असतो हे हाताला माहीत होतं.

मग तसंच चालू राहिलं. ती दिवाळी गेली, थंडी सुरू झाली, मी तिचा सदरा घालायला लागलो. एका सकाळी वस्तीत नवा आलेला एक तरुण चढावरून धावत आला, घाईत असावा. माणसांच्या मधे एक मोकळी जागा आणि तिथे एक फुटका वरवंटा पाहून त्याने तो पायाने बाजूला सारला आणि आत शिरला. मी खिडकीतून काही बोलणार होतो. त्याआधी मागून छत्रीचं टोक आलं आणि त्याच्या खांद्यावर टेकलं.

गोगटे अण्णा वाकले. त्या वयात ते वाकणं म्हणजे सोपं काम नव्हतं, यात माझी अतिशयोक्ती नाही. त्यांनी वरवंट्याचा तुकडा उचलला, धोतराला पुसला आणि होता त्या जागी ठेवला.

“तिथे माणूस आहे,” ते त्या पोराला म्हणाले. “मागे उभा राहा.”

तो मागे गेला. मी पुढचं कार्ड घेतलं.